ध्वजाचे रंग आणि अर्जातला रकाना

जून महिना वऱ्हाडात धावपळीचा असतो. मृगाचा पाऊस झाला की पेरणीची घाई सुरू होते आणि त्याच सुमारास शाळा-महाविद्यालयांतील प्रवेशांचीही. उन्हाच्या तडाख्यामुळे विदर्भातील शाळांची घंटा उर्वरित महाराष्ट्रापेक्षा काहीशी उशिराने, महिन्याच्या अखेरीस वाजते. तोवर अमरावती आणि अकोला या दोन्ही शहरांत दाखल्यांच्या झेरॉक्स काढून देणाऱ्या दुकानांपुढे पालकांची आणि विद्यार्थ्यांची रीघ लागलेली असते. याच महिन्यात जगातील अनेक मोठ्या शहरांतून इंद्रधनुषी ध्वज घेऊन मिरवणुका निघतात. २८ जून १९६९ रोजी न्यूयॉर्कमधील स्टोनवॉल नावाच्या मद्यगृहावर पोलिसांनी धाड घातली आणि तेथील समलिंगी व पारलिंगी गिऱ्हाइकांनी प्रथमच तिचा उघड प्रतिकार केला, त्या घटनेचे ते स्मरण होय. कोठे न्यूयॉर्क आणि कोठे अकोल्याची झेरॉक्सची दुकाने, असे कोणी म्हणेल. तथापि या दोहोंचा संबंध आहे आणि तो प्रवेशअर्जाच्या पहिल्याच पानावरील एका लहानशा रकान्यात आहे: 'लिंग: पुरुष / स्त्री'.

बहुसंख्य माणसांना हा रकाना दिसतसुद्धा नाही. नाव लिहावे, जन्मतारीख लिहावी, तसा हात आपोआप चालतो. परंतु काही थोड्या व्यक्तींचा हात तेथे थांबतो. आपण पुरुष नाही हे त्यांना ठाऊक असते आणि आपण स्त्री आहोत असेही त्यांना वाटत नसते. कोणाला आपण दोन्ही आहोत असे वाटते, तर कोणाला या दोन्ही नावांशी आपले काही नातेच जाणवत नाही. अशा व्यक्तींसाठी इंग्रजीतून 'नॉन-बायनरी' हा शब्द आला आहे. आपल्याकडे या विषयाची चर्चा निघाली की भिन्नभिन्न गोष्टींचा काला केला जातो, म्हणून प्रारंभीच थोडी वर्गवारी आवश्यक ठरते. समलिंगी असणे म्हणजे कोणाविषयी आकर्षण वाटते याची गोष्ट. आंतरलिंगी असणे ही जन्मजात शरीररचनेची गोष्ट. लिंगभाव म्हणजे माणूस स्वतःला काय समजतो, याची गोष्ट. नॉन-बायनरी व्यक्तीचे शरीर इतर कोणाही पुरुषासारखे किंवा स्त्रीसारखे असू शकते, पोशाखही चारचौघांसारखा असू शकतो. ती बँकेत कारकून असेल, शाळेत गणित शिकवत असेल, महाविद्यालयात शेवटच्या बाकावर बसत असेल. बाहेरून ओळखू येण्याजोगी कोणतीही खूण तिच्यापाशी नसते. आणि नेमक्या याच कारणासाठी तिला ध्वजाची गरज भासली असावी.

या ध्वजांची कुळकथा मनोरंजक आहे. सॅन फ्रान्सिस्कोतील गिल्बर्ट बेकर या कलावंताने १९७८ साली पहिला इंद्रधनुषी ध्वज तयार केला. बेकर पूर्वी सैन्यात होता आणि शिवणकाम तो स्वतःच शिकला होता. स्वयंसेवकांनी हाताने रंगवलेल्या आणि शिवलेल्या त्या ध्वजाला आठ पट्टे होते. गडद गुलाबी लैंगिकतेचा, लाल जीवनाचा, नारिंगी आरोग्यलाभाचा, पिवळा सूर्यप्रकाशाचा, हिरवा निसर्गाचा, फिरोजी कलेचा आणि जादूचा, निळा शांतीचा व जांभळा आत्म्याचा, असा प्रत्येक पट्ट्याचा अर्थ लावलेला होता. वर्षभरातच मागणी वाढली आणि गडद गुलाबी कापड पुरेसे मिळेना, म्हणून तो पट्टा गेला. पुढे पट्ट्यांची संख्या सम असावी म्हणून फिरोजीही गेला. सहा पट्टे उरले, ते आजतागायत कायम आहेत. प्रतीकांच्या इतिहासात तत्त्वज्ञानाइतकाच कापडाच्या ठाणाचाही वाटा असतो. कापसाच्या या प्रदेशाला ते निराळे सांगायला नको.

१९९९ साली मोनिका हेल्म्स या अमेरिकन पारलिंगी स्त्रीने पारलिंगी व्यक्तींसाठी स्वतंत्र ध्वज रचला. त्यात दोन फिकट निळे पट्टे, दोन गुलाबी आणि मध्ये एक पांढरा. तो कसाही फडकवला तरी उलटा होत नाही, अशी त्याची रचना आहे. परंतु निळा मुलग्याचा आणि गुलाबी मुलीचा, या पाश्चात्त्य बाळंतविड्याच्या संकेतावर तो उभा असल्यामुळे या दोहोंपैकी काहीच नसलेल्यांना तो पुरेसा वाटला नाही. म्हणून २०१४ साली काय रोवन या अवघ्या सतरा वर्षांच्या व्यक्तीने आणखी एक ध्वज तयार केला. त्यात पिवळा, पांढरा, जांभळा आणि काळा असे चार आडवे पट्टे आहेत. पिवळा रंग स्त्री-पुरुष या जोडीच्या पूर्णपणे बाहेर असलेल्या लिंगभावाचा, कारण निळ्या आणि गुलाबी या दोन्ही संकेतांशी त्याचा संबंध नाही. पांढऱ्यात सर्व रंग सामावतात, म्हणून तो अनेक किंवा सर्व लिंगभाव असलेल्यांचा. जांभळा निळ्या-गुलाबीच्या मिश्रणातून येतो, म्हणून तो दोहोंच्या दरम्यान असणाऱ्यांचा. आणि काळा हा रंगाचाच अभाव, म्हणून ज्यांना कोणताच लिंगभाव नाही त्यांचा. सतरा वर्षांच्या मुलाच्या किंवा मुलीच्या वहीत (पाहा, येथेच मराठी वाक्य अडखळते) शोभेल इतकी साधी, परंतु तर्काला धरून असलेली ही मांडणी आहे.

आता ध्वजांची ही संख्या पाहून हसू येणे स्वाभाविक आहे. जून महिन्यात बहुराष्ट्रीय कंपन्या आपल्या बोधचिन्हांवर इंद्रधनुष्य रंगवतात आणि जुलै उजाडताच ते पुसून टाकतात, तेव्हा तर हसण्याला आधारही मिळतो. परंतु मुंबईत किंवा न्यूयॉर्कमध्ये जो ध्वज उत्सवाचा असतो, तोच अमरावतीत निराळे काम करतो. भारतातील अशी पहिली पदयात्रा २ जुलै १९९९ रोजी कोलकात्यात निघाली, तेव्हा तीत जेमतेम पंधरा माणसे होती. विदर्भापुरते पाहिले तर २०१६ साली नागपुरात यात्रा निघाली. तेथे ध्वज उंच धरता येतो. जिल्ह्याच्या ठिकाणी तो उंच धरणाऱ्याला दुसऱ्या दिवशी आपल्याच गल्लीतून जायचे असते. म्हणून तेथे तो दप्तराच्या पट्ट्यावर टोचलेल्या चार रंगांच्या लहानशा पिनेच्या रूपात वावरतो. नव्याण्णव जणांना तो निव्वळ रंगीत तुकडा वाटतो. शंभरावा त्याचा अर्थ जाणतो, आणि आपल्यासारखे आणखी कोणी याच शहरात आहे एवढे त्याला कळते. विखुरलेल्या आणि परस्परांना न ओळखणाऱ्या माणसांसाठी ही लहान गोष्ट नव्हे.

हे सारे परदेशी आहे, हा आक्षेप मात्र ऐकू येतोच. ध्वज परदेशी आहे यात शंका नाही. पण प्रतीक कोठे जन्मले यावर ते कोणाचे हे ठरत नाही, याचे उदाहरण वऱ्हाडातील कोणत्याही बुद्धविहारावर फडकत असते. पंचशील ध्वज १८८५ साली कोलंबोतील एका समितीने तयार केला आणि त्याच्या आकाराविषयीची सूचना कर्नल ऑल्कॉट या अमेरिकन गृहस्थाने केली. निळा, पिवळा, लाल, पांढरा, केशरी आणि या पाचही रंगांचा मिळून सहावा पट्टा, असा तो ध्वज १४ ऑक्टोबर १९५६ च्या नागपुरातील धर्मांतरानंतर अकोला-अमरावतीच्या वस्त्यावस्त्यांत पोचला. तो सिंहलद्वीपातून आला म्हणून तो परका आहे, असे आज त्या वस्तीतील शाळकरी मूलही म्हणणार नाही. राष्ट्रध्वजाच्या रंगांचे अर्थदेखील एकदाच ठरले आणि संपले असे झाले नाही. १९२१ च्या सुमारास त्यांचा संबंध निरनिराळ्या धर्मसमाजांशी जोडला जात होता. १९३१ साली काँग्रेसने तो संबंध नाकारून रंगांना गुणांचे अर्थ दिले. २२ जुलै १९४७ रोजी घटना समितीने चरख्याच्या जागी चक्र आणले. रंग आधी येतात आणि अर्थ माणसे हळूहळू ठरवतात.

ध्वज परका असेल, परंतु ज्या माणसांचा तो आहे ती परकी नाहीत. याचा पुरावा शोधण्यासाठी फार दूर जावे लागत नाही. अमरावती जिल्ह्यातील चिखलदरा हे मूळचे 'किचकदरा', असे लोकपरंपरा सांगते. भीमाने कीचकाला मारून दरीत फेकले आणि भीमकुंडात हात धुतले, ही कथा तेथे जाणाऱ्या प्रत्येक सहलीला ऐकवली जाते. म्हणजे लोकश्रद्धेने पांडवांचे अज्ञातवासाचे वर्ष याच प्रदेशात आणून ठेवले आहे. मात्र त्याच विराटपर्वात अर्जुन वर्षभर बृहन्नडा होऊन राहिला आणि त्याने राजकन्या उत्तरेला नृत्य शिकवले, याची आठवण त्या सहलीत कोणी काढत नाही. त्या कथेतील एक तपशील आजच्या कारकुनांनी आणि मुख्याध्यापकांनी मुद्दाम लक्षात घेण्याजोगा आहे. बृहन्नडेला अंतःपुरात शिक्षिका म्हणून नेमण्यापूर्वी विराट राजाने तिची तपासणी करून घेतली. तिचे पुरुषत्वहीन असणे कायमचे आहे अशी खात्री पटल्यावरच तिला नेमणूक मिळाली. नोकरीपूर्वी शरीराचा दाखला मागण्याची प्रथा इतकी जुनी आहे.

अर्थात पुराणातील दाखल्यांवर फार विसंबून चालत नाही. अर्जुनाचे ते रूप शापामुळे आलेले होते आणि वर्षाअखेर संपणार होते. ती काही त्याची स्वतःची ओळख नव्हती. शिवाय अर्धनारीश्वराला हात जोडणाऱ्या समाजाने तृतीयपंथी माणसाला भाड्याने खोली दिली, असे घडलेले नाही. मूर्तीला देव्हाऱ्यात स्थान देणे आणि माणसाला गल्लीत स्थान देणे, ही दोन निराळी कामे आहेत. या समाजाचा वऱ्हाडातील सुशिक्षितांशी येणारा संबंध बहुधा बडनेरा-अकोला मार्गावरील रेल्वेच्या डब्यापुरता, टाळीच्या आवाजापुरता आणि दहाच्या नोटेपुरता असतो. क्वचित घरी मूल जन्मले म्हणून बधाई मागायला आलेल्यांशी. गुरू, चेले, ठरलेला इलाका आणि ठरलेला व्यवसाय, अशी त्यांची एक बंदिस्त व्यवस्था आहे. तिच्या बाहेर पाऊल टाकणारे गेल्या काही वर्षांत दिसू लागले. अकोल्यातून लोकसभेवर निवडून गेलेल्या प्रकाश आंबेडकरांच्या वंचित बहुजन आघाडीने २०१९ साली दिशा पिंकी शेख या कवयित्रीला प्रवक्तेपद दिले, हे त्याचे ठळक उदाहरण.

नॉन-बायनरी व्यक्तीपाशी मात्र ही बंदिस्त व्यवस्थाही नाही. तिला गुरू नाही, डेरा नाही, परंपरेने दिलेले नाव नाही. घरात ती मुलगा किंवा मुलगी म्हणूनच वाढते आणि लग्नाचा विषय निघेपर्यंत कोणाला काही जाणवत नाही. म्हणून तिला सरसकट 'तृतीयपंथी' म्हणून मोकळे होणे हा अज्ञानाचाच प्रकार ठरतो. 'पुरुष', 'स्त्री' यांच्या शेजारी 'इतर' हा तिसरा शब्द छापला की प्रश्न मिटला, असे कार्यालयांना वाटते. पण 'इतर' हे नाव नव्हे. ज्यांची नावे लिहायची राहून गेली त्यांची ती मोट आहे.

नोंदवही आणि या माणसांचे नाते पूर्वीपासूनच दुःखद आहे. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याचा दुसरा भाग खास 'नपुंसकां'साठी लिहिलेला होता. तो उत्तर हिंदुस्थानातील प्रांतांत अंमलात आला. मुले पळवणे वा तत्सम गुन्ह्यांचा संशय असलेल्यांची नावे व पत्ते सरकारी नोंदवहीत लिहून ठेवावेत, असा त्याचा हुकूम होता. नोंद झालेली व्यक्ती स्त्रीवेषात रस्त्यावर दिसली किंवा तिने लोकांपुढे नाचगाणे केले तर तिला वॉरंटाशिवाय पकडता येत असे. त्या काळी रकाना हा सापळा होता. आज एखादी व्यक्ती आपली खरी ओळख कागदावर द्यायला कचरते, तेव्हा तिच्या भीतीला शंभर-दीडशे वर्षांचे कारण आहे. २०११ च्या जनगणनेत 'इतर' या शीर्षाखाली देशात ४,८७,८०३ आणि महाराष्ट्रात ४०,८९१ व्यक्तींची नोंद झाली. सांगायला धजावलेल्यांची, किंवा ज्यांच्याविषयी घरच्यांनी सांगितले त्यांची, ती संख्या आहे, एवढाच तिचा अर्थ घ्यावा.

कायद्याने यानंतर बराच पल्ला गाठला. काय रोवनने ध्वज काढला त्याच वर्षी, १५ एप्रिल २०१४ रोजी, सर्वोच्च न्यायालयाने राष्ट्रीय विधी सेवा प्राधिकरणाच्या खटल्यात निर्णय दिला. आपला लिंगभाव कोणता हे ठरवण्याचा अधिकार त्या व्यक्तीचाच आहे आणि त्यासाठी शस्त्रक्रियेची अट घालता येणार नाही, हे तत्त्व न्यायालयाने मान्य केले. २०१९ साली संसदेने पारलिंगी व्यक्तींच्या हक्कांचा कायदा संमत केला, तेव्हा त्याच्या व्याख्येत किन्नर, हिजडा, अरवाणी यांच्या जोडीला आपल्याकडील 'जोगता' हा शब्द आला, आणि 'जेंडरक्वीअर' हा अगदी नवा शब्दही आला. यल्लम्माचा जोगता आणि अमेरिकन विद्यापीठातील परिभाषा एकाच कलमात शेजारी बसली. परंतु त्याच कायद्याने ओळखपत्र देण्याचे काम जिल्हाधिकारी कार्यालयाकडे सोपवले आणि त्यानंतर पुरुष वा स्त्री अशी नोंद हवी असल्यास शस्त्रक्रियेचे वैद्यकीय प्रमाणपत्र मागितले. विराट राजाची तपासणी अशा रीतीने निम्म्या वाटेने परत आली. कायद्याचे शब्द काळानुसार कमीअधिक बदलतील. २०१४ च्या निर्णयातील तत्त्व त्यांच्यापेक्षा मोठे आहे, हे मात्र विसरता येणार नाही.

रकाना प्रत्यक्षात किती महाग पडतो, याचे उदाहरण भुसावळच्या पलीकडे, जळगाव जिल्ह्यातील भादली बुद्रुक या गावी घडले. जानेवारी २०२१ च्या ग्रामपंचायत निवडणुकीत एका पारलिंगी स्त्रीने महिलांसाठी राखीव असलेल्या जागेवर अर्ज भरला. निवडणूक अधिकाऱ्याने तो फेटाळला. प्रकरण मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठापुढे गेले, अर्ज वैध ठरला आणि गावकऱ्यांनी तिला निवडूनही दिले. गावाला जे समजायला अडचण आली नाही ते समजण्यासाठी कार्यालयाला उच्च न्यायालय लागले. आणि हे तर अशा व्यक्तीचे झाले, जिला दोन रकान्यांपैकी एक हवा होता. जिला त्यांपैकी एकही नको, तिने कोणत्या न्यायालयात जावे?

रकान्याइतकाच अवघड प्रश्न भाषेचा आहे आणि तो शिक्षकांच्या जिव्हाळ्याचा ठरावा. इंग्रजीत या मंडळींचा वाद मुख्यतः तृतीय पुरुषी सर्वनामाचा आहे. 'आय' म्हणताना तेथे लिंग कळत नाही. मराठीत 'मी' निर्लिंग आहे, पण क्रियापद लगेच चुगली करते. 'मी जातो' की 'मी जाते', हे ठरवल्याशिवाय माणसाला घराबाहेरही पडता येत नाही. दिवसातून शंभर वेळा, प्रत्येक वाक्यागणिक, आपण कोण याची कबुली द्यावी लागते. तरीही मराठी वाटते तितकी कठोर नाही. 'मी जाईन' यात लिंग नाही. 'मी धडा वाचला', 'मला वाटते', 'मला जायचे आहे', 'माझे काम झाले' यांतही नाही. आणि वऱ्हाडी बोलीत, विशेषतः खेड्यापाड्यांत, स्त्रियाही 'मी येतो', 'मी जातो' असे सहज म्हणतात. कोल्हापूरकडेही तसे ऐकू येते. शाळेत मास्तर ती 'चूक' दुरुस्त करतात. वस्तुतः ती भाषेची एक सोय आहे आणि आजीच्या तोंडी ती कोणाला कधी खटकली नाही.

नपुंसकलिंग ही तर मराठीने जपलेली संपत्तीच होय. हिंदीने ते केव्हाच गमावले. 'नपुंसक' हा शब्द व्यवहारात शिवीसारखा झाला असला तरी त्या लिंगात आपण कोणाला घालतो ते पाहावे. ते बाळ, ते लेकरू, ते वासरू. जेथे माया आहे तेथे मराठी माणूस मुलगा की मुलगी हे विचारत बसत नाही. शिवाय 'ते आले' या वाक्यात नपुंसकलिंगी एकवचन आहे की आदरार्थी अनेकवचन, हे लेखनात ओळखू येत नाही. एखाद्या नॉन-बायनरी सहकाऱ्याचा उल्लेख 'ते' असा करावा लागला तर मराठी शिक्षकाला व्याकरण मोडावे लागणार नाही. फक्त आदर दाखवावा लागेल, आणि तेवढे तो मुख्याध्यापकांच्या बाबतीत रोजच करतो.

नाव मात्र अद्याप मिळालेले नाही. 'नॉन-बायनरी' हा शब्द अंजनगावच्या किंवा मूर्तिजापूरच्या आईपुढे उच्चारून तिला काही कळणार नाही. तिच्या अपत्याला आपली गोष्ट तिला सांगायची असेल तर शब्द लागेल, आणि तो शिवी नसलेला लागेल. तामिळनाडूत हे काम झाले आहे. मद्रास उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर तेथील सरकारने २०२२ साली या साऱ्या ओळखींसाठी तमिळ शब्दांची सूची राजपत्रात प्रसिद्ध केली. मराठीला अभिजात भाषेचा दर्जा ऑक्टोबर २०२४ मध्ये मिळाला. मराठी भाषा विद्यापीठ अमरावती जिल्ह्यातच, रिद्धपूरला स्थापन झाले. ज्या भूमीत मराठीतील आद्य गद्यग्रंथ लीळाचरित्र सिद्ध झाला, तेथील विद्वानांनी असा एक शब्दसंग्रह तयार करण्याचे मनावर घेतले, तर अभिजाततेचा तो उचित उपयोग होईल. त्यासाठी प्रथम त्या व्यक्तींनाच विचारावे लागेल, ही एक अट. दुसऱ्यांनी ठेवलेली नावे या समाजाने पुष्कळ सोसली आहेत.

शाळांच्या बाबतीत आतापर्यंतचा अनुभव उत्साहवर्धक नाही. राष्ट्रीय शैक्षणिक संशोधन परिषदेने २०२१ साली पारलिंगी मुलांच्या समावेशाविषयी शिक्षकांसाठी एक पुस्तिका प्रसिद्ध केली. गणवेश आणि स्वच्छतागृहे यांविषयी तीत सूचना होत्या. तक्रारी आल्या आणि काही दिवसांतच ती मागे घेण्यात आली. १७ ऑक्टोबर २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने एका पारलिंगी शिक्षिकेला शाळांनी नाकारलेल्या नोकरीबद्दल भरपाई देवविली आणि या विषयाच्या धोरणासाठी समिती नेमली. समित्यांचे अहवाल येतील तेव्हा येतील. मुलांची रांग आणि मुलींची रांग अशी विभागणी करण्याऐवजी हजेरीपटाच्या क्रमाने रांग लावण्यासाठी कोणत्याही अहवालाची वाट पाहावी लागत नाही. वर्गात कोणी 'छक्का' म्हणून चिडवले तर त्याची दखल जातिवाचक शिवीइतकीच गंभीरपणे घ्यायलाही नियम लागत नाही. प्रवेशअर्ज मुख्याध्यापकांच्या खोलीत टंकलिखित होतो. तेथे 'पुरुष / स्त्री' यापुढे एक मोकळी रेघ सोडायला शाईसुद्धा खर्च होत नाही.

सवलती लाटण्यासाठी कोणीही उठून वाटेल ते लिहील, अशी शंका कार्यालयांतून व्यक्त केली जाते. ज्या ओळखीमुळे घर सुटते, लग्न मोडते आणि नोकरीच्या मुलाखतीत प्रश्नांऐवजी स्मितहास्ये वाट्याला येतात, ती ओळख कोणी सवलतीसाठी पांघरेल, हे संभवनीय वाटत नाही. खोटे दाखले इतर अनेक प्रकारचे निघतात आणि त्यांचा बंदोबस्त करण्याचे कायदेही आहेत. त्या कारणाने कोणताही रकाना बंद झाल्याचे ऐकिवात नाही.

१ मार्च २०२७ हा संदर्भदिन ठरलेल्या जनगणनेत घरोघर फिरण्याचे काम नेहमीप्रमाणे शिक्षकांच्या आणि कारकुनांच्याच वाट्याला येणार, हे उघड आहे. प्रगणक दारात उभा राहतो, कुटुंबप्रमुख खुर्चीवर बसून सगळ्यांची माहिती सांगतो आणि प्रगणक ती उतरवून घेतो, अशी या कामाची रूढ पद्धत आहे. घरात वीस वर्षांची एखादी व्यक्ती आतल्या खोलीत अभ्यास करीत असेल, तिच्या दप्तरावर चार रंगांची पीन असेल, आणि बाहेर वडील तिच्याविषयी एक शब्द सांगून मोकळे होतील. तो शब्द कागदावर उतरेल आणि पुढे दहा वर्षे आकडेवारीत तसाच राहील. प्रगणकांच्या प्रशिक्षणात एवढीच सूचना घालता येईल की, सज्ञान व्यक्ती घरी असेल तर तिच्याविषयीचा प्रश्न तिलाच, आणि शक्यतो एकांतात विचारावा. त्यासाठी प्रत्येक घरी दोन मिनिटे अधिक लागतील.